दणकट माणसाचा हळू आवाज

४ ऑगस्ट १९४८ ला लंडनच्या वेम्ब्ली स्टेडियमवर तापिओ राउतावारा नावाच्या फिनिश माणसाने ६९.७७ मीटर भाला फेकला आणि ऑलिम्पिकचं गोल्ड मेडल घेतलं. दुसरा आलेला अमेरिकेचा स्टीव्ह सेमूर दोन मीटरहून जास्त मागे राहिला होता. (नीरज चोप्राच्या ८७.५८ ची सवय झालेल्या आपल्या डोळ्यांना हा आकडा छोटा वाटेल, पण तेव्हाचे भाले लाकडी होते, तुलना करूच नये.) आता खरी गंमत पुढे आहे, कारण हा माणूस त्याच्या तीन वर्षं आधीच, म्हणजे १९४५ मध्ये सिनेमात आला होता, गाण्यांच्या रेकॉर्डही निघायला लागल्या होत्या, आणि मेडलनंतर एका वर्षात त्याने असं एक गाणं रेकॉर्ड केलं जे आज फिनलंडमधल्या शाळकरी पोरापासून ऐंशीच्या आजोबांपर्यंत सगळ्यांना येतं. पुढे १९५८ मध्ये तो तिरंदाजीच्या टीममधून वर्ल्ड चॅम्पियनही झाला. गायक, गाण्यांना चाली लावणारा, सिनेमाचा हिरो, भालाफेकपटू, तिरंदाज. हे सगळं एकाच माणसाने एकाच आयुष्यात केलं, आणि तरी फिनलंडच्या बाहेर त्याचं नाव जवळजवळ कुणाला माहीत नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

मी इथे वांतामध्ये राहते, हेलसिंकीला लागून आहे हे शहर. इथल्या सरकारी टीव्हीवर, म्हणजे येलेवर, दुपारच्या वेळी जुने ब्लॅक अँड व्हाइट फिनिश सिनेमे लागतात, आणि भाषा शिकायचा चांगला मार्ग म्हणून मी ते बघायला लागले. सुरुवातीला संवाद फारसे कळायचे नाहीत, पण गाणं लागलं की कळायला भाषा लागायची नाही. राउतावारा असाच भेटला. सहा फुटांच्या वर उंची, भाला फेकून फेकून रुंदावलेले खांदे, हातात गिटार, आणि तोंड उघडलं की खालच्या पट्टीतला तो खोल आवाज. पण तो आवाज कधीच अंगावर येत नाही. तो शेजारी बसून बोलतोय इतक्याच जोरात गातो. एवढी ताकद अंगात असताना ती न वापरणं म्हणजे काय ते त्याच्या गाण्यात ऐकू येतं, आणि माझं ठाम मत आहे की युद्धानंतरच्या फिनलंडला नेमका हाच आवाज हवा होता.

कारण तेव्हाचा फिनलंड म्हणजे काय होतं बघा. चाळीस लाखांच्या आतबाहेर लोकसंख्येचा देश, सोव्हिएत युनियनबरोबर दोन युद्धं झालेली, ९०,००० च्या आसपास माणसं गेलेली, कारेलियाचा मोठा भाग गमावलेला आणि तिथली ४,००,००० हून जास्त माणसं घरदार सोडून उरलेल्या देशात येऊन राहिलेली. त्यावर ३० कोटी डॉलरची युद्धभरपाई, तीही पैशात नाही तर मालात, म्हणजे जहाजं, यंत्रं, केबल, कागद, लाकूड. उत्तरेत लॅपलंडमधून माघार घेताना जर्मन फौजांनी गावंच्या गावं जाळली होती, रोव्हानिएमी शहर तर राखेतून परत उभं करावं लागलं. आणि युद्धाच्या काळात सार्वजनिक ठिकाणी नाचायला बंदी होती! तिकडे माणसं मरतायत आणि इकडे नाच कसला, हा विचार. युद्ध संपल्यावर ती बंदी हळूहळू सैल झाली, पूर्ण उठायला १९४८ उजाडलं. म्हणजे तरुणपण युद्धात गेलेली एक अख्खी पिढी होती जिला हसायचं होतं, नाचायचं होतं, रडायचंही होतं, पण रडायची इथे पद्धत नाही. मग रडणं गाण्यात गेलं. म्हणून तर त्या काळातली फिनिश गाणी, अगदी नाचाचीसुद्धा, मायनर स्केलमध्ये, म्हणजे उदास वाटणाऱ्या सुरांत असतात, पायांनी नाचायचं आणि मनाने झुरायचं.

राउतावाराचा जन्म ८ मार्च १९१५ चा, तांपेरेजवळच्या पिर्क्कालाचा, पण तो वाढला हेलसिंकीच्या ओउलुन्क्युलॅ भागात. घरची गरिबी, लहानपणापासून कामं. आणि खेळ शिकला तो कामगारांच्या क्लबात. हे जरा सांगायला हवं, कारण फिनलंडमध्ये १९१८ ला यादवी युद्ध झालं होतं, लाल आणि पांढरे, म्हणजे कामगार एका बाजूला आणि जमीनदार-मध्यमवर्ग दुसऱ्या बाजूला, आणि त्या जखमेमुळे पुढची कित्येक वर्षं खेळाच्या संघटनासुद्धा दोन होत्या. कामगारांची वेगळी, बाकीच्यांची वेगळी. राउतावारा कामगारांच्या संघटनेतून आलेला खेळाडू. त्यामुळे जेव्हा तो लंडनहून मेडल घेऊन आला तेव्हा ते मेडल सगळ्या देशाचं होतंच, पण कामगार वस्त्यांमध्ये त्याला जास्त किंमत होती. लोक त्याला लाडाने ताप्सा म्हणायचे. युद्धाच्या काळात त्याने आघाडीवरच्या अऊनुस रेडिओवर काम केलं, म्हणजे माईकसमोर उभं राहून थकलेल्या सैनिकांशी कसं बोलायचं याची शाळा त्याला तिथे मिळाली. मला वाटतं त्याचा तो शेजारी बसून गाणारा आवाज तिथेच तयार झाला असणार. खंदकात बसलेल्या माणसाला वरच्या पट्टीत ओरडून गाणं कोण ऐकवेल?

एक योगायोग मला फार आवडतो. १९१५ या एका वर्षात फिनिश गाण्यातली तीन माणसं जन्मली, २७ फेब्रुवारीला ओलावी विर्ता, ज्याला पुढे टँगोचा राजा म्हणायला लागले, मग मार्चमध्ये राउतावारा, आणि ३ डिसेंबरला तोइवो कॅर्की, ज्याने आयुष्यात हजाराहून जास्त गाण्यांना चाली दिल्या. त्यात कॅर्की आणि राउतावारा दोघांचंही जन्मगाव पिर्क्काला. कॅर्की पाद्र्याचा मुलगा, जॅझचं वेड असलेला. १९३९ मध्ये त्याने इंग्लंडच्या मेलडी मेकर मासिकाची संगीत रचनेची स्पर्धा जिंकली होती, आता लंडन आणि मोठं करिअर असं सगळं समोर दिसत असताना युद्ध सुरू झालं आणि तो आघाडीवर गेला. तिथे तो गाणी रचत राहिला, पण आता त्या जॅझमध्ये रशियन रोमान्स गाण्यांची आणि फिनिश लोकगीतांची उदासी मिसळलेली होती. युद्धाने या माणसाचं लंडन हिरावून घेतलं आणि फिनलंडला त्याचा आवाज दिला असं म्हणावंसं वाटतं, पण ज्याचं हिरावलं त्याला काय वाटत असेल हे आपण कोण ठरवणार.

चौथा माणूस रेइनो हेलिस्मा, १९१३ चा. शब्दांचा माणूस. छापखान्यात काम केलेला, यमकं हाताखाली असल्यासारखी पडायची त्याची, गाणी लिहायची, कधी चालही स्वतःच लावायची, सिनेमाच्या पटकथा लिहायच्या, स्टेजवर उभं राहून विनोदी गाणी म्हणायची आणि वेळ पडली तर सिनेमात कामही करायचं. हेलिस्मा आणि राउतावारा या जोडीने १९४० च्या दशकाच्या शेवटी दौरे सुरू केले. बरोबर कधी एसा पाकारिनेन, अकॉर्डियन वाजवणारा आणि नुसतं स्टेजवर आला तरी लोक हसायला लागायचे असा नट. कामगारांचे हॉल, शाळा, उन्हाळ्यात तळ्याकाठचे लाकडी नाचाचे मंडप, जिथे मिळेल तिथे कार्यक्रम. आजही इथे जंगलातून जाताना मध्येच असा एखादा गोल मंडप दिसतो. इतक्या आडजागी कोण येत असेल असं वाटतं, पण यायचे, सायकल मारत वीस वीस किलोमीटरवरून यायचे.

१९४९ मध्ये राउतावाराने हेलिस्माचं ते गाणं रेकॉर्ड केलं ज्याबद्दल मी वर म्हटलं, पॅइवॅन्सॅदे या मेन्निन्कॅइनेन, म्हणजे किरण आणि भूत. शब्द आणि चाल दोन्ही हेलिस्माची. गोष्ट अशी आहे की सूर्य मावळत असतो आणि एक शेवटचा किरण जंगलात रेंगाळतो, किरण म्हणजे इथे एक मुलगीच. तेवढ्यात बिळातून एक भूत बाहेर येतं, जमिनीखाली राहणारं, सूर्य मावळल्याशिवाय ज्याला वर येता येत नाही असं. दोघं एकमेकांकडे बघतात. भुताचे डोळे जळजळतात पण इतकं सुंदर त्याने काही पाहिलेलंच नसतं. ते म्हणतं, माझ्या गुहेत चल, आपण एकत्र राहू. आणि किरण म्हणते, अंधारात माझा जीव जाईल, मला मरायचं नाही, आत्ताच्या आत्ता उजेडाकडे गेले नाही तर मी राहणार नाही. ती जाते. आणि ते भूत अजूनही रात्री एकटं फिरताना विचार करतं की एकाला उजेडाचं लेकरू का केलं आणि दुसऱ्याला रात्रीचं वेड का लावलं.

एवढंच गाणं आहे. लहान मुलांची गोष्ट म्हणून सांगता येतं. पण राउतावारा ते कसं गातो ते ऐका. दुसरा कुणी गायक असता तर भुताच्या तोंडच्या ओळींना आवाज जाड केला असता, किरणाच्या ओळी नाजूक केल्या असत्या, शेवटच्या प्रश्नाला सूर लांबवला असता. तो काहीच करत नाही. गोष्ट सांगणारा माणूस सांगतो तसं सरळ सांगत जातो, आणि त्या शेवटच्या प्रश्नालासुद्धा तो थांबत नाही, प्रश्न विचारतो आणि गाणं संपवतो. ते भूत त्याने जवळून ओळखलंय असं वाटत राहतं. हे ऐकणाऱ्यांमध्ये किती बायका असतील ज्यांचा माणूस परत आला नाही, किती माणसं असतील जी परत आली पण उजेडात राहता येईना अशी झाली होती, आणि त्या सगळ्यांना कुणीतरी त्यांच्याबद्दल न बोलता त्यांच्याबद्दल बोललं. इथे हिवाळ्यात दुपारी तीनला अंधार पडतो तेव्हा हे गाणं मला वेगळंच ऐकू येतं, उजेड आणि अंधार हे इथे कवितेतले शब्द नाहीत, रोजचा हिशोब आहे.

आता सिनेमाकडे येते. तेव्हा फिनलंडमध्ये मोठे स्टुडिओ होते सुओमी-फिल्मी आणि सुओमेन फिल्मितेओल्लिसुस, आणि १९५० पासून तिसरा फेन्नादा. यातला सुओमेन फिल्मितेओल्लिसुस म्हणजे टी. जे. सॅर्क्का या माणसाचं साम्राज्य, तो स्वतः निर्माता, स्वतः दिग्दर्शक, आणि सिनेमे असे धडाधड निघायचे की एक संपतोय तोवर दुसऱ्याचा सेट उभा. टीव्ही नव्हता. गावोगाव थेटरं होती. लोकांना गाणारा हिरो हवा होता, आणि इथे एक उंचापुरा, देखणा, ऑलिम्पिक चॅम्पियन, गिटार वाजवणारा माणूस आयता हजर होता. राउतावाराचे सिनेमे १९४५ च्या वाइन सिनुल्ले पासून सुरू होतात आणि साधारण दहा-बारा वर्षं चालतात. १९५१ च्या आइला मध्ये तो लॅपलंडच्या बर्फात आहे, समोर मिर्यामी कुओस्मानेन, जिचा पुढच्याच वर्षीचा पांढऱ्या रेनडियरचा सिनेमा कान्सला बक्षीस घेऊन आला. १९५२ ला सालाकुल्येत्तायान लाउलु. १९५५ मध्ये आर्ने तार्कासचा विल्ली पोह्योला, म्हणजे चक्क फिनिश वेस्टर्न, काउबॉयचा सगळा मामला उत्तरेत नेऊन बसवलेला!

प्रामाणिकपणे सांगते, तो मोठा नट नव्हता. संवाद बोलताना त्याचे हात कुठे ठेवायचे ते त्याला कळत नाही असं वाटतं, खांदे इतके रुंद की फ्रेममध्ये तोच दिसतो आणि समोरची नटी त्याच्याआड जाते. प्रेमाच्या सीनमध्ये तो अवघडतो. पण मग गिटार हातात येते आणि सगळं बदलतं. खांदे खाली येतात. मान जरा झुकते. नजर कॅमेऱ्याकडे नाही, समोरच्या माणसाकडेही पूर्ण नाही, कुठेतरी गिटारच्या मुंडीपाशी. आणि बाकीचे नट, जे खरोखर शिकलेले, नाटकातून आलेले नट आहेत, ते अचानक नट वाटायला लागतात आणि हा एकटाच माणूस वाटतो. मी हे सीन परत परत बघितलेत. अभिनय येत नसणं आणि खोटं करता न येणं या दोन्हीतली सीमा बारीक असते, आणि गाताना तो त्या सीमेच्या अगदी योग्य बाजूला उभा असतो.

याच काळात एक मोठं भांडण झालं ते सांगितल्याशिवाय पुढे जाता येणार नाही. १९५१ मध्ये रोव्हानिएमेन मार्क्किनोइल्ला (म्हणजे रोव्हानिएमीच्या बाजारात) नावाचा सिनेमा आला, पटकथा हेलिस्माची, संगीत कॅर्कीचं, कामं हेलिस्माची स्वतःची, पाकारिनेनची आणि योर्मा इकॅवाल्कोची. राउतावारा त्यात नाही, पण माणसं सगळी त्याच्या गोतावळ्यातली. लॅपलंडमध्ये सोनं शोधायला गेलेल्या माणसांची धमाल, गाणी, गोंधळ. त्यातल्या गाण्याच्या धृपदात रिल्लुमारेई असा एक आनंदाने किंचाळल्यासारखा आवाज होता, त्यावरून या प्रकारच्या सगळ्याच सिनेमांना रिल्लुमारेई सिनेमे म्हणायला लागले. पब्लिकने उचलून धरलं, आणि समीक्षकांनी फाडून खाल्लं. थिल्लर, गावंढळ, संस्कृतीचा ऱ्हास, सगळं म्हणून झालं, पेपरांमधून वाद झाले. १९५३ पासून पाकारिनेन आणि मासा निएमी या जोडीने पेक्का पूपॅ नावाच्या कॉमिक्सवरून १३ सिनेमे केले, तेव्हाही तेच. आणि मजा म्हणजे तेच १३ सिनेमे येलेवर आजही लागतात आणि इथली मुलं ते पाहून लोळतात.

मला या समीक्षकांचा राग येतो, अजून येतो. जळून गेलेल्या रोव्हानिएमीच्या नावाने एक हसवणारा सिनेमा निघतो, ते गाव नुकतं कुठे परत उभं राहतंय, आणि तिथल्या बाजारात माणसं पैसे उडवतायत, नाचतायत, पडतायत, हे पडद्यावर बघणाऱ्या माणसाला काय वाटलं असेल याचा विचार नको करायला? सिनेमा म्हणून तो ढिसाळ आहे, मान्य. विनोद काही वेळा लांबतात, तेही मान्य. पण त्यातली गाणी बांधणारा माणूस मेलडी मेकरची स्पर्धा जिंकलेला होता, हलकं संगीत त्याच्या हाताला चुकून लागलेलं नव्हतं, त्याने ते निवडलं होतं आणि त्यावर तितकीच मेहनत घेतली होती. चार ओळीत माणसाला हसवणं आणि पाचव्या ओळीत गप्प करणं ज्यांना सोपं वाटतं त्यांनी एकदा करून बघावं.

राउतावारा स्वतः चालीही लावायचा, आणि ही बाजू फार कमी बोलली जाते, कारण कॅर्की आणि हेलिस्मासारखी माणसं आजूबाजूला असताना गाणाऱ्याकडे गायक म्हणूनच बघितलं जातं. त्याने आयुष्यात ३०० च्या आसपास गाणी रेकॉर्ड केली, त्यातली काही त्याच्या चालीची. त्यातलं एक सिनिनेन उनी, १९५२ चं. शब्द पी. मुस्तापॅ या कवीचे, आणि हा कवी म्हणजे खरा मार्त्ती हावियो, लोकसाहित्याचा मोठा प्रोफेसर. विद्यापीठातला विद्वान कवी आणि कामगार वस्तीतला भालाफेकपटू, १९१८ च्या फिनलंडमध्ये हे दोघं एका गाण्यात आलेच नसते कदाचित. कविता एका अंगाईची आहे, रोज रात्री दिवा मालवला आणि खरीखुरी रात्र आली की नुक्कू-मात्ती, म्हणजे मुलांना झोपवायला येणारा तो छोटा माणूस, हळूच दारावर टकटक करतो आणि झोपेच्या मऊ सपाता घालून खोलीत शिरतो.

माझी मुलगी डे-केअरमधून हे गुणगुणत घरी आली होती. शब्द अर्धे चुकीचे, चाल मात्र पक्की. मी तिला विचारलं कुणाचं गाणं, तर म्हणाली झोपायचं गाणं. बरोबरच आहे, तिच्यासाठी ते कुणाचं नाहीच, दुपारी गाद्या घातल्या की लागतं ते. चाल इतकी साधी आहे की तीन वर्षांच्या पोराच्या गळ्यात बसते, कुठे मोठी उडी नाही, कुठे श्वास पुरत नाही असं नाही. पण मी ती गिटारवर बसवायचा प्रयत्न केला तेव्हा लक्षात आलं की ती चाल कवितेच्या बोलण्याच्या लयीला एवढी चिकटून जाते की शब्द आधी की सूर आधी ते सांगता येऊ नये. शब्दाचा जोर जिथे बोलताना पडतो तिथेच सुराचा पडतो. फिनिशमध्ये जोर कायम पहिल्या अक्षरावर, आणि परक्या चालींवर फिनिश शब्द बसवले की नेमका हाच जोर चुकतो, ऐकताना खडा लागतो. इथे एकही खडा नाही. आणि त्याचा तो खालचा आवाज जेव्हा दारावर टकटक म्हणतो तेव्हा तो आणखी खाली जातो, घरातलं पोर जागं होऊ नये म्हणून बाप जसा बोलतो तसा.

१९५२ हे वर्षही काय वर्ष होतं. जुलै-ऑगस्टमध्ये हेलसिंकीत ऑलिम्पिक झालं, सप्टेंबरमध्ये युद्धभरपाईचा शेवटचा माल सीमेपलीकडे गेला, आणि त्याआधी जूनमध्ये आर्मी कुसेला ही फिनिश मुलगी मिस युनिव्हर्स झाली होती. देशाने बऱ्याच वर्षांनी मान वर केली. आणि आपल्यासाठीही ते हेलसिंकी आहेच की, कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव त्याच हेलसिंकीत कुस्तीचं ब्राँझ जिंकले, स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक मेडल. खाशाबा १९४८ ला लंडनलाही होते, सहावे आले होते, म्हणजे राउतावाराने भाला फेकला त्या ऑलिम्पिकमध्ये आपला माणूसही होता. दोघांची भेट झाली असेल असं काही मी म्हणत नाही. पण इथल्या ऑलिम्पिक स्टेडियमजवळून ट्राम जाते तेव्हा माझ्या डोक्यात ही दोन्ही नावं एकदम येतात, दोघंही साध्या घरातले, दोघांचीही ताकद कष्टाने कमावलेली. आणि भाल्याचा धागा तर अजून चालूच आहे, नीरज २०२२ मध्ये सरावाला इथल्या कुओर्ताने गावात येऊन राहिला आणि तुर्कूला ८९.३० मीटर फेकून गेला, तेव्हा स्टँडमधल्या म्हाताऱ्या फिनिश माणसांनी त्याला दिलेल्या टाळ्या मी टीव्हीवर ऐकल्या.

अमेरिकेतल्या कुणी राउतावाराला टारझनच्या रोलसाठी विचारलं होतं आणि त्याने नाही म्हटलं असंही सांगतात. इथे प्रत्येकजण ही गोष्ट सांगतो. खरं असो वा नसो, मला ते पटतं, कारण टारझनला गाणं नसतं.

मग हळूहळू ते सगळं संपलं. १९५८ ला टीव्ही सुरू झाला, थेटरं रिकामी व्हायला लागली. १९६० मध्ये मासा निएमी गेला आणि त्याबरोबर पेक्का पूपॅचे सिनेमेही. जानेवारी १९६५ मध्ये हेलिस्मा ५१ व्या वर्षी गेला, आणि त्याच वर्षी सॅर्क्काच्या स्टुडिओचं दिवाळं वाजलं. १९७२ ला ओलावी विर्ता, तोही शेवटी दारू, आजारपण आणि हलाखीत. राउतावारा आणि हेलिस्मा यांच्या वाटा त्याआधीच वेगळ्या झाल्या होत्या. पण राउतावारा गात राहिला, रॉक आणि बीटचा जमाना आला तरी एकटा गिटार घेऊन गावोगाव जात राहिला. १९७९ मध्ये आलेल्या त्याच्या एका गाण्यात एक म्हातारा माणूस म्हणतो की मी यातला एकही दिवस बदलून घेणार नाही. आवाज तेव्हा थोडा खरखरीत झालाय, पण जोर अजूनही लावत नाही.

२५ सप्टेंबर १९७९ ला तो गेला, ६४ व्या वर्षी. इथेच, वांताच्या तिक्कुरिलामध्ये स्विमिंग हॉलमध्ये पाय घसरून पडला, डोक्याला मार लागला. आणि तो दारू प्यायलाय असं समजलं गेलं. डोक्याला लागलेल्या माणसाची जीभ जड होते, तोल जातो, त्याचा अर्थ चुकीचा लावला गेला, आणि मेंदूतल्या रक्तस्रावाने तो मेला. भटक्यांची, बेवड्यांची, बेघरांची गाणी आयुष्यभर गाणारा माणूस, ज्याने त्या माणसांना गाण्यात नेहमी मान दिला, तो स्वतः एका संध्याकाळी त्यांच्यातलाच एक समजला गेला आणि त्यांना जी वागणूक मिळते ती त्याला मिळाली. तो खरोखर प्यायलेला असता तरी काय झालं असतं हा प्रश्न मला जास्त छळतो. प्यायलेल्या माणसाच्या डोक्याला लागलं तर ते डोकं कमी महत्त्वाचं असतं का? माझं पोहणं त्याच भागातल्या हॉलमध्ये असतं, आणि ओल्या फरशीवरून चालताना मला तो आठवतो. हेलसिंकीतल्या मालमीच्या दफनभूमीत त्याची कबर आहे.

१९९९ मध्ये तिमो कोइवुसालोने राउतावारा आणि हेलिस्मावर सिनेमा केला, कुल्कुरी या योउत्सेन, तापिओ लीनोया आणि मार्त्ती सुओसालो या दोघांनी कामं केली आहेत. बघा मिळाला तर, सबटायटल असतील तर अजून चांगलं, थोडा गोड आहे पण दोघांची मैत्री आणि ताणाताणी त्यात चांगली आलीये. मात्र सुरुवात सिनेमाने करू नका, गाण्यांनी करा, सगळ्या ॲपवर आहेत. आधी किरण आणि भुताचं ते १९४९ चं, आणि ऐकायच्या आधी वर लिहिलेली गोष्ट एकदा वाचून घ्या म्हणजे शब्द अडणार नाहीत. मग सिनिनेन उनी, रात्री, घरात लहान पोर असेल तर त्याला घेऊन. हेडफोन नको, त्याचा आवाज खोलीत पसरायला हवा. त्यानंतर बाकीची हवी तशी ऐका, भटक्यांची, खलाशांची, घोड्यांची. नंतर केलेल्या ऑर्केस्ट्राच्या व्हर्जनही सापडतील, व्हायोलिनं वगैरे घातलेल्या, त्या मला आवडत नाहीत, त्याच्या आवाजाला एवढ्या गर्दीची गरज नव्हती. एक गिटार असलेल्या शोधा.